खेळ पुसला आणि लग्नपत्रिका अडली

मंडळी, आज शनिवार, १४ नोव्हेंबर १९९८. सकाळी दहा वाजून वीस मिनिटांनी मी चामराजपेटच्या आमच्या छपाईच्या दुकानात संगणकावरचा मोटारशर्यतीचा खेळ काढून टाकत होतो. मालकीण सरोजाअक्कांचा हुकूमच होता, “कामाच्या मशीनवर खेळ नको.”

मध्येच संगणकाने विचारलं, ‘ही सामायिक फाइल आता कुणी वापरत नाही असं दिसतं. काढायची?’ मला अर्धवट सफाई आवडत नाही. मी ‘हो’ म्हटलं.

आणि लग्नपत्रिकेची मांडणी करायचा प्रोग्रॅम उघडेचना! तीच डीएलएल फाइल त्यालाही लागत होती. बारा वाजता नवरीचे वडील पत्रिका न्यायला येणार होते. नोकरी गेली असं समजूनच मी अक्कांना सगळं खरं सांगितलं.

“अय्यो, मग घाल की तो खेळ परत!” अक्का म्हणाल्या.

सीडीवरून खेळ परत घातला, फाइल आली, प्रोग्रॅम उघडला. बाराला पाच कमी असताना पत्रिका छापून तयार होत्या.

मग अक्का म्हणाल्या, “बघू तरी, काय आहे त्या खेळात,” आणि पडद्यावरची गाडी थेट भिंतीवर घातली. मागून नवरीचे वडील ओरडत होते, “अक्का, स्वल्प, थोडं डावीकडे घ्या!”

आता माझा नंबर कधी लागणार, सांगा?