आप्पांचे सात दगड

ज्या दगडांच्या ढिगाने अकरा निवृत्त बँकवाल्यांना गुडघाभर चिखलात नेऊन उभं केलं, तो ढीग मी रचला होता. हेतू वाईट नव्हता. डोंगरमाथ्यावरच्या त्या जंगल-उद्यानात वाट जिथे फुटते, तिथे मी दम खात बसलो होतो. हात रिकामे आणि समोर सुबक चपटे दगड. बघता बघता कमरेइतका मनोरा झाला. त्याच्याशेजारी दात काढून उभा राहिलो, बायकोकडून फोटो काढून घेतला आणि खाली येऊन पोटभर जेवलो.

दुसऱ्या सकाळी धुकं होतं. बँकवाल्यांना वाटलं, ढीग आहे म्हणजे वाट आहे. सगळे सुखरूप परतले. एकाचा बूट तेवढा अजून तिथेच आहे.

त्या उद्यानात दगडांचा ढीग ही वाटेची खूण, आणि ती रचायचा अधिकार एकट्या आप्पांचा. आप्पा एकतीस वर्षं उद्यानातल्या पायवाटा सांभाळतात. आडवी पडलेली झाडं कापतात, खचलेल्या पायऱ्या बसवतात. सगळ्यात वर, जिथे खूण रंगवायला झाडच उरत नाही, तिथे ढीग रचतात. मोजून सात दगड, माथ्यावरचा पांढरा. धुक्यात दिसावा म्हणून.

"ह्यांना माझा वाढदिवस विचारा, आढ्याकडे बघतील," त्यांची बायको सांगते. "पण कुठल्या ढिगातला तिसरा दगड डुगडुगतो, ते झोपेतही सांगतील."

उद्यानाच्या साहेबांनी आप्पांना कचेरीत बोलावलं, तेव्हा मी बाहेरच्या खिडकीशी नकाशा घेत होतो.

"आप्पा, यंदा लोक चुकायची ही दुसरी खेप. वरची वाट कायमची बंद करतो."

"साहेब, तो ढीग माझा नव्हे. चौदा दगड होते त्यात."

"मग काय दगड आपणहून चढले एकमेकांवर?"

आप्पा टोपी हातात घेऊन खिडकीतून वरच्या कड्याकडे बघत राहिले. पळून जायचा विचार आला नाही असं नाही. आला, फाटकापर्यंत जाऊनही आला. मग आत शिरलो आणि मोबाइल साहेबांपुढे धरला. ढिगाशेजारी माझे बत्तीसच्या बत्तीस दात.

साहेबांनी फोटो पाहिला, मग मला पाहिलं. "वाट चालू राहू दे," ते म्हणाले. "आणि आप्पा, ह्यांना वर न्या."

नुसता ढीग मोडून भागलं नाही. प्रत्येक दगड ज्या खळग्यातून उचलला, तिथेच परत ठेवायचा, होता त्याच कुशीवर.

"त्याच्याखाली किडामुंगीचा संसार असतो," आप्पा म्हणाले. "तुमचं छप्पर कुणी उचलून नेलं तर चालेल?"

चौदाव्या दगडाला माझी कंबर माझी राहिली नव्हती. आप्पा मात्र शेजारच्या आपल्या ढिगावरचा पांढरा दगड बाहीने पुसत होते.

"आप्पा, पण खरं सांगा," मी धापा टाकत विचारलं, "दिसायला तरी छान होता ना?"

"होता. म्हणून तर अकरा जण चिखलात गेले."