गेममधली बहीण

डिचोलीहून पणजीला जाणाऱ्या बसमध्ये तो रोज माझ्या शेजारी बसायचा. पन्नाशीचा, कडक इस्त्रीच्या शर्टातला माणूस, पण सगळी वाट मोबाईलवर गेम खेळायचा. त्यात एक योद्धा राक्षसांच्या राज्यात हरवलेल्या बहिणीला शोधत असे. योद्धा मेला की हा माणूस अंगठा शर्टाला पुसून पुन्हा सुरू करायचा.

एकदा मी गमतीने विचारलं, "अजून सापडली नाही?"

"सापडता शेवटाक. ह्यो खेळ मी तिसऱ्यांदा खेळतंय," तो म्हणाला. "माझी भयण घर सोडून गेली, तेव्हा बाबा म्हणाले, तिचां नाव काढूचां नाय. मी गप जेवूक बसलंय. एक दिवस सोधूक गेलंय नाय."

पणजी आली, सगळे उतरले, तरी मला उठायचं सुचेना. शेवटी त्यानेच माझी पिशवी उचलून हातात दिली.