चुन्याखालचं शेवाळ

हे मी आजवर कुणाला सांगितलेलं नाही. बायकोलाही नाही.

निजामाच्या अमलात हळ्ळीखेडच्या वाटेवर अधिकाऱ्यांच्या मुक्कामाचा एक बंगला होता. मी तिथला शिपाई. फाटकापासून बंगल्यापर्यंत मोटारीसाठी फरसबंद चढण होती, ती साफ ठेवणं माझं काम. वर चिंचेची गच्च सावली, बाजूला झिरपणारा हौद. पावसाळ्यात शेवाळ आधी फरशांच्या सांध्यांत दिसे, मग हळूहळू सगळ्या चढणीवर पसरे.

ते कसं काढायचं हे मला चांगलं ठाऊक होतं. खुरप्यानं खरडायचं, वाळू नि काथ्यानं घासायचं, फरशी वाळली की मगच चुना मारायचा. पुन्हा धरू नये म्हणून फांद्या छाटायच्या, हौदाचं पाणी चर काढून वळवायचं. दोन-तीन दिवसांचं काम. पण ते दिवस मी मंठाळला मेव्हण्याकडे पत्ते कुटण्यात घालवले, आणि परतलो तर सांगावा आलेला : तालुकदारसाहेब उद्या सकाळी येतायत.

मी शेवाळावरच जाड चुना फासला.

बंगल्यावर पाणी भरणारे एक म्हातारे अप्पा होते. मोटार चढणीवर थांबली की ती मागे सरकू नये म्हणून मागच्या चाकाला दगडाची उटी तेच लावायचे. पांढरी चढण बघून हसले.

"काय अण्णा, बंगल्याचं लगीन हाय का? लईच सजवलास!"

"साहेबाला पांढरं आवडतंय, अप्पा."

"बुडातनं खरडलास का?"

"खरडलं की. कामून इचारायलाव?"

"न्हाई, निसरडं असलं तर वहाणा काढून उभारतो. खरडलास तर ऱ्हाऊ दे पायात."

मी मान डोलावली.

सकाळी भुरभुर सुरू होती. चुना ओला होऊन लोण्यासारखा झाला होता. मला ते फाटकातूनच दिसत होतं, तरी मी फाटक उघडलं. मोटार आली, चढली, थांबली आणि किंचित मागे सरकली. अप्पा उटी घेऊन वाकले. त्यांचा पाय सटकला आणि चाक त्यांच्या गुडघ्याखालच्या पायावरून गेलं.

"अंधा है क्या बुड्ढा?" साहेब आतूनच ओरडले.

चौघांनी अप्पांना उचलून नेलं. मी गेलो नाही. चुन्यात त्यांच्या वहाणेचा लांब हिरवा ओरखडा उमटला होता. मी खुरपं आणलं आणि कुणी बघायच्या आत तेवढी जागा दगडापर्यंत खरडून काढली. मग दुपारपर्यंत सगळी चढण.

महिन्याभरानं त्यांच्या घरी गेलो. पाय वाकडा बसला होता. उभं राहणं संपलं होतं.

"ह्यानं बिचाऱ्यानं चांगलं खरडलं हुतं," ते बायकोला सांगत होते. "माझंच ध्यान न्हवतं बघ."

तेव्हा बोलायला हवं होतं. त्यांच्या बायकोनं भाकरी पुढं केली. मी ती खाल्ली.

पुढच्या उन्हाळ्यात अप्पा गेले. तोवर बंगल्यावर पाणी भरायच्या कामाला मी माझ्या भावाला लावून दिलं होतं.