क्रेनवालीचा रक्तदाब
ओरडतो मी आणि रक्तदाब हिला! न्याय म्हणून काही आहे की नाही?

मी दुकान चालवतो, माझी बायको कारखान्यात क्रेन चालवते. छताखालच्या रुळांवर सरकणारी, लोखंडी पत्रे उचलणारी. आधी ती खाली पत्र्यांवर नंबर टाकायची. मान वर करकरून क्रेनकडे बघायची म्हणे. शेवटी साहेबांच्या मागे लागून शिकली, शिडी चढली, ती आजतागायत वरच आहे. खालचे लोक तिला ‘वरच्या बाई’ म्हणतात. घरात मात्र घुमी. घर बदलायचं? “तुम्ही म्हणाल तसं.” माझी बहीण महिनाभर राहायला येतेय? “येऊ द्या की.” मी आपला खूश. गरीब गाय पदरात पडली म्हणायची.

यंदाच्या तपासणीत दाब थोडा वर निघाला. कंपनीचे डॉक्टर म्हणाले, “गोळी लगेच नको. मीठ कमी करा, अंग सैल सोडायला शिका. तीन महिन्यांत उतरला नाही तर क्रेन बंद. स्टोअरमध्ये बसायचं.”

“बरंच की!” मी म्हटलं. “कशाला वर कडमडायचं? स्टोअरमध्ये पंखा आहे.”

तिने डॉक्टरांचा कागद घडी घालून पर्समध्ये टाकला.

कंपनीने अंग सैल सोडायला शिकवणाऱ्या एका मॅडमकडे धाडलं; मीही सोबत जायचो. मॅडमकडे एक पेटी होती. बोटांना दोन पट्ट्या लावायच्या. मनावर ताण आला की पेटी कुईऽऽ करते, सैल झालं की आवाज उतरतो. तो ऐकत खांदे आवळायचे, सोडायचे, श्वास सावकाश सोडायचा. बायको हुशार. थोड्याच दिवसांत पेटी मांजरासारखी घुरघुरायला लागली. फक्त मी शेजारी बसून खोकलो तरी किंचाळायची.

मॅडमनी माझ्याकडे पाहिलं. “घरी काही टेन्शन?”

“छे! आमचं कधी शब्दाने भांडण नाही. विचारा हिला.”

“काहीच नाही हो,” बायको म्हणाली. पेटीने खोली डोक्यावर घेतली.

तपासणी उद्यावर आली तरी दाब काठावरच. म्हटलं, आपणच मोठेपणा घ्यावा. “जा बाई वर. माझं काही म्हणणं नाही.”

कुईऽऽऽ!

“त्यांना ते पटलेलं दिसत नाही,” मॅडम म्हणाल्या.

माझं डोकंच सटकलं. “मग काय करू, नाचू? ही शिडी चढली की माझा डोळा घड्याळावर! ही घरी येईपर्यंत दुकानात जेवणाचा डबा उघडत नाही मी. पडली-बिडली तर मी कुणाच्या तोंडाकडे बघू? भीती वाटते मला, बस्स!”

पेटी हळूहळू उतरली. मग गप्पच झाली. मला वाटलं, बिघडली.

“एवढंच होय?” बायको म्हणाली. “मला वाटायचं, बायको क्रेन चालवते म्हणून तुम्हाला लाज वाटते.”

“लाज? अगं, आल्या-गेल्या गिऱ्हाइकाला सांगत असतो मी!”

“मला सोडून सगळ्यांना.”

मी तिच्या बोटांवरच्या पट्ट्या सोडवायला लागलो.

दुसऱ्या दिवशी तपासणीला मीही कारखान्यात गेलो. दाब उतरलेला निघाला. डॉक्टरांनी सही केली. ही लगेच शिडीकडे निघाली, अर्ध्या वाटेतून परत आली आणि सगळ्या कामगारांसमोर म्हणाली, “अहो, वर पोचले की हात करीन. तो बघा आणि जाऊन जेवा.”