लग्न झालं की पत्रिका मले द्या

"पत्रिका फेकू नका बरं. लग्न झालं की मले द्या!"

लग्नसराई लागली की आमच्या शिक्षकखोलीत बाईंचं हे पालुपद सुरू. तुमच्याही शाळेत असं काहीबाही गोळा करणारं कुणीतरी असेलच. बाई मूळच्या अकोल्याच्या, अमरावतीत आमच्या शाळेत चौथीला शिकवायच्या. जाड पत्रिकेच्या त्या पट्ट्या कापत आणि मधोमध एक खाच पाडत. पुस्तकावर पट्टी ठेवली की खाचेतून एकच ओळ दिसायची. वाचताना ओळ हरवणाऱ्या पोरांना ती मिळे. पत्रिकेवरचा गणपती मात्र त्या बाजूला काढून ठेवायच्या. "माह्याच्यानं नाही कापल्या जात बाप्पा!" त्यांच्या कपाटात पुस्तकं कमी आणि गणपतीच जास्त होते.

त्यांच्या वर्गात रेणुका होती. तोंडी काहीही विचारा, हात वर. वाचायला उभी केली की घामाघूम. वरच्या ओळीत बरोबर वाचलेला शब्द खालच्या ओळीत तिला अनोळखी वाटायचा. पहिलं अक्षर बघून पुढचं ती अंदाजानं ठोकून द्यायची. आम्ही सगळे तिला आळशी म्हणून मोकळे झालो होतो.

एक दिवस तिचे वडील शिक्षकखोलीत आले. ऑटो चालवायचे. "बाई, इच्या डोस्क्यात काही शिरत नाही. शाळा बंद करतो. चांदूर बाजारले बहिनीकडं ठेवतो, घरकाम तरी शिकन." रेणुका दारात मान खाली घालून उभी होती.

बाईंनी समोरची पत्रिका उचलली, तिच्यावर पट्टी ठेवली आणि मोठ्यानं वाचायला लागल्या. अडखळल्या. जोडाक्षराशी थांबल्या, चुकल्या, मागे आल्या. इतकी वर्षं शेजारच्या खुर्चीत बसून मला याचा पत्ता नव्हता.

बाई खुदकन हसल्या. "पायलं ना भाऊ? नवं काही वाचाचं म्हनलं की मी आजबी अशीच वाचते. याले डिस्लेक्सिया म्हंतात. डोस्कं चांगलं असते, डोळे चांगले असतात. अक्षराची आन् आवाजाची गाठ पडाले येळ लागते, बस."

"पन तुमी तं बाई हा!"

"हाओ. आन् पगारबी घेते! अमरावतीहून अकोल्याले बडनेऱ्यावरून जाता येते, दर्यापूरवरूनबी जाता येते. फेरा पडते, पन पोचतो ना मानूस? इले थोडा येळ देसान तं हेबी पोचन."

वडिलांनी पट्टी उचलून खाचेतून पाहिलं. "दिवाळीपर्यंत पाहू," म्हणाले. दिवाळी आली, गेली. चांदूर बाजारचा विषय कुणी काढला नाही. बाई मात्र रोज शाळा सुटल्यावर तिला घेऊन बसायच्या. "घाई कोनाले हाय?" एवढंच म्हणायच्या.

गेल्या वर्षी बाई निवृत्त होऊन अकोल्याला लेकाकडे गेल्या. खोली फार शांत झाली. मला ती शांतता मुळीच आवडत नाही.

परवा रेणुका आली. आता आठवीत आहे. मोठ्या बहिणीचं लग्न ठरलंय. पत्रिका माझ्या हातात न देता म्हणाली, "थांबा मॅडम, मीच वाचते." गणपतीपासून सुरुवात केली. दोनदा अडली, मागे आली, पुन्हा निघाली. बाईंच्या रिकाम्या खुर्चीकडे माझं लक्ष गेलं. शेवटी 'आमच्या ताईच्या लग्नाला यायचं हं!' या ओळीखाली छापलेलं स्वतःचं नाव तिनं इतक्या जोरात वाचलं, की शेजारच्या वर्गातली पोरं डोकावली.

मग तिनं दुसरी पत्रिका पुढे केली. "हे अकोल्याले पाठवा. आन् बाईले सांगजा, लग्न होयेपर्यंत कापू नोका."