दहातल्या सहा

"हलायचं न्हाय, पाव्हणं. हललात की संपलं."

डायलिसिसच्या खोलीत नवा पेशंट आला की शेजारच्या खाटेवरून हे वाक्य ठरलेलं. सांगणारा स्वतः डावा हात उशीवर ठेवून चार तास असा पडून राही, की नळीतलं रक्त फिरताना दिसलं नसतं तर तुम्हालाही शंका आली असती. नाकावर माशी बसली तर तो फुंकर मारायचा, हात उचलायचा नाही. नर्स इतरांना त्याचं उदाहरण द्यायच्या. त्याला हे कुणी शिकवलं, ते मला माहीत होतं. आज ते लिहायला बसलो आहे.

मी बारामतीतल्या एका दवाखान्याच्या लॅबमध्ये तीसेक वर्षं टेक्निशियन होतो. तो इंदापूर तालुक्यातला. वडिलांपर्यंत घरात मेंढरं होती. त्याच्या वाट्याला दीड एकर डाळिंब आणि लोणी देवकरच्या एका कारखान्याच्या फाटकावरची नोकरी आली. फाटकावर तो काठीला रेलून एका पायावर उभा राही. ट्रकवाले ओरडत, "ए बगळोबा, उघड की." तो सावकाश दुसरा पाय खाली ठेवी आणि म्हणे, "मेंढरं बसली की असंच उभं ऱ्हायाचं असतं. तुमी बी बसलाच हाय की."

हा किस्सा त्यानंच मला सांगितला. तोवर लॅबमध्ये त्याच्या फेऱ्या सुरू झाल्या होत्या. लघवीची बाटली तो धुतलेल्या रुमालात बांधून आणायचा आणि माझ्यासमोर हलवून दाखवायचा.

"तात्या, धार काढल्यागत फेस येतोय. म्हशीखाली आला तर ब्येस. मला कशाला?"

फेस प्रथिनांचा होता. सोबत रक्ताच्या पेशीही जात होत्या. आठवड्यातून एकदा पुण्याहून येणाऱ्या किडनीच्या डॉक्टरांनी सांगितलं, नुसत्या रक्त-लघवीवरून कारण कळणार नाही; किडनीचा तुकडा काढून बघावा लागेल.

अशा तपासणीला दोन तुकडे लागतात. शेवईच्या काडीएवढे, बोटाच्या पेराहून लहान. एक फॉर्मालिनमध्ये घालायचा. त्याच्या चकत्या करून साध्या सूक्ष्मदर्शकाखाली बघतात. दुसरा वेगळ्या औषधात ठेवायचा. त्यावर चमकणारा रंग टाकला की रोग कुठल्या जातीचा ते कळतं; फॉर्मालिन लागलेला तुकडा तो रंग धरत नाही. त्या दुसऱ्या औषधाची छोटी बाटली पुण्याहून आदल्या दिवशीच आली होती. मीच ती फ्रीजमध्ये ठेवली होती.

सोनोग्राफीच्या डॉक्टरांनी त्याला पालथा झोपवला, पोटाखाली उशी दिली, श्वास रोखायला सांगितलं. त्या सुईला चाप असतो. तो टक् वाजला की भलेभले दचकतात. हा दचकला नाही. दोन्ही तुकडे अखंड निघाले. मी ते घेतले आणि दोन्ही फॉर्मालिनमध्ये टाकले.

तुम्ही म्हणाल, इतक्या वर्षांचा माणूस असं कसं करील? इतक्या वर्षांचा होता म्हणूनच. अपेंडिक्स, गर्भाशय, पित्ताशय, जे हातात आलं ते मी फॉर्मालिनमध्येच टाकत आलो होतो. हात आपोआप तिकडे गेला. दुसऱ्या दिवशी डबा ठेवायला फ्रीज उघडला, तर दह्याच्या वाटीमागे ती बाटली तशीच. झाकणाचं सीलही तुटलेलं नव्हतं.

रिपोर्ट आला. पहिल्या तुकड्यात रक्त गाळणाऱ्या दहा चाळण्या सापडल्या होत्या. चार वाळून गेलेल्या, सहा सुजलेल्या पण जिवंत. खाली एक ओळ: दुसऱ्या तपासणीसाठी योग्य तुकडा मिळाला नाही, रोगाचा प्रकार सांगता येत नाही, तपासणी पुन्हा करावी.

किडनीच्या डॉक्टरांनी मला विचारलं, असं कसं झालं? मी म्हणालो, "पेशंट हलला. दुसरा तुकडा चिरडला."

एवढंच बोललो. माझ्या निवृत्तीला थोडेच महिने राहिले होते. डॉक्टरांनी ते त्याला समजुतीच्या स्वरात सांगितलं. तो तिथून सरळ लॅबमध्ये आला, टोपी काढून उभा राहिला.

"माफी करा, तात्या. तुमचं काम वाया घालवलं. मला वाटलं मी हललो न्हाय, पर हललो आसंन."

मी म्हणालो, "होतं असं कधी कधी."

मग त्यानं विचारलं, त्यातलं काही बघायला मिळंल का? काचपट्ट्या रिपोर्टसोबत परत आल्या होत्या. मी त्याला सूक्ष्मदर्शकाला डोळा लावायला दिला. गोल गुच्छ दिसतात त्या चाळण्या, गोठल्यासारख्या दिसतात त्या गेलेल्या, असं सांगितलं. मी पट्टी सरकवत होतो आणि तो मेंढरं मोजावीत तसा बोट उचलून मोजत होता.

"चार गेल्या. सहा जित्या हायती की, तात्या." त्याचा चेहरा उजळला होता. "सहावर बी मेंढरांचं खांड उभं ऱ्हातं."

मी म्हटलं, पंधरा दिवसांत पुन्हा ये, पुन्हा तुकडा काढू. तो टोपी घालत म्हणाला, "आन् परत हललो तर? डागदरांपुढं किती डाव तोंड दावायचं?" आणि गेला.

त्याच क्षणी मी म्हणायला हवं होतं, तू हलला नव्हतास. तो नक्की परत आला असता. मी पट्ट्या डब्यात ठेवल्या.

तो आठ महिन्यांनी आला. तोंड सुजलेलं, चप्पल पायात मावत नव्हती. सोनोग्राफीत दोन्ही किडन्या आक्रसलेल्या दिसल्या. डॉक्टर म्हणाले, आता सुई घालून काही उपयोग नाही, जाणून घ्यावं असं आत काही उरलेलं नाही. वेळेवर कारण कळलं असतं तर औषधानं त्या सहा वाचल्या असत्या का? सांगता येत नाही. काही रोग थांबतात, काही थांबत नाहीत. आपला कुठला, हे त्याला कधीच कळलं नाही.

पुढे सात वर्षं आठवड्यातून दोनदा तो एसटीनं बारामतीला येत राहिला. मी निवृत्त झालो होतो, पत्नी गेली होती, घरात बोलायला कुणी नव्हतं. मी त्याच्या खाटेशेजारी जाऊन बसू लागलो. आज सांगू, असं ठरवून जायचो. तो मला बघून खूश व्हायचा, नव्या पेशंटला सांगायचा, "ह्या तात्यांनी माझी जिती मेंढरं मला दावली. म्याच हललो, म्हून गेली." मी त्याच्या पांघरुणाची घडी नीट करायचो आणि घरी यायचो.

गेल्या हिवाळ्यात एका मंगळवारी त्या खाटेवर दुसराच माणूस होता. तो सारखा हात हलवत होता. त्याला सांगायला कुणी नव्हतं.

तो वारल्यावर महिन्यानं मी त्याच्या वस्तीवर गेलो. त्याची बायको पत्र्याच्या शेडमध्ये डाळिंबं निवडत होती. मी फ्रीजमधल्या बाटलीपासून सगळं सांगितलं. तिचे हात थांबले नाहीत. तिनं विचारलं, "मंग ते हललंच न्हवतं व्हय?"

"नाही, वहिनी."

"मी लई बोलले त्यास्नी. दर खेपंला, यष्टीत बसताना. तवा गप पडला असता तर ही येळ आली नसती, म्हनायची. ते नुसतं व्हय म्हनायचं."

मी मोकळा व्हायला गेलो होतो. ते ओझं तिच्या पदरात टाकून बसलो होतो. उठलो, तेव्हा ती मागून म्हणाली, "नुसतं त्वांडानं नगा सांगू, तात्या. समद्या भावकीला ठावं हाय, ह्यो हलला म्हून. लिवून द्या."

म्हणून हे लिहून देतो. त्या दिवशी सुईचा चाप दोनदा वाजला. मी हातभर अंतरावर उभा होतो. दोन्ही वेळा तो हलला नाही.