पेल्याचं किटण

भांडं घासायला घेतलं की ते लख्ख झाल्याशिवाय माझ्या हातातून सुटत नाही. हा गुण आहे असं मला साठ वर्षं वाटत होतं.

आमचे हे गेले, तेव्हा इथे परदेशात, ट्रॉय गावातल्या आमच्या मराठी मंडळींनी दोन-तीन महिने डबे पोचवले. मग थांबले. रागावण्यासारखं त्यात काही नाही. प्रत्येकाने एकेक पदार्थ न्यायचे ते पॉटलक सगळे जोडप्यांचे, एकटीला बोलवायचं तर बसवायचं कुणाशेजारी, हा त्यांना प्रश्न. मुलगा लांब क्युपर्टिनोला, दर रविवारी फोन करतो. उरलेले सहा दिवस मी टीव्हीशी भांडते. असंच एकदा लायब्ररीत एट्रुस्कन लोकांवर व्याख्यान होतं, तिथे जाऊन बसले. एट्रुस्कन म्हणजे काय, ते कशाशी खातात, काही ठाऊक नव्हतं. चार माणसांत बसायला मिळेल एवढाच हेतू.

ही माणसं रोमन लोकांच्याही आधीपासून इटलीत राहणारी. त्यांची थडगी घरासारखी, आत दगडी पलंग, दगडी उशा, भांडीकुंडी, सगळा संसार. पडद्यावर एक चित्र आलं. शवपेटीच्या झाकणावर मातीचे नवरा-बायको एकाच पलंगावर रेलून जेवायला बसलेत, त्याचा हात तिच्या खांद्यावर. बायका पुरुषांच्या पंगतीला बसतात म्हणून ग्रीक लोक म्हणे यांना नावं ठेवायचे. मी अख्खा जन्म ह्यांना गरम पोळ्या वाढून मागून जेवले. त्या मातीच्या बाईचा मला चक्क हेवा वाटला.

व्याख्यान देणारी प्राध्यापिका पन्नाशीची, उंच, केसांना कधी कंगवा लागला असेल असं वाटू नये अशी. विद्यापीठाच्या संग्रहालयात मदतीला माणसं हवीत म्हणाली. मी हात वर केला.

काम सोपं होतं. शंभरेक वर्षांपूर्वी कुणा श्रीमंताने इटलीहून आणलेली थडग्यातली काळी भांडी मातीसकट खोक्यांत पडून होती. दर मंगळवारी आम्ही दोघी-तिघी ती साफ करायचो. साधं पाणी, मऊ ब्रश, आणि फक्त बाहेरून. आतून हात लावायचा नाही, हे तिने पहिल्याच दिवशी बजावलं होतं. आत जे किटण चिकटलेलं असतं त्यावरून मेलेल्या माणसाला शेवटचं काय वाढलं होतं ते प्रयोगशाळेत कळू शकतं.

मंगळवार म्हणजे माझा सणच झाला. सोमवारी दुपारीच मी उद्याचा स्वेटर कपाटातून काढून ठेवायचे. दहा मिनिटं उशिरा पोचले तर ती घड्याळाकडे बघून भुवया चढवायची, आणि मला इतकं बरं वाटायचं की काय सांगू! माझी वाट बघणारं जगात तेवढं एकच टेबल होतं.

त्या मंगळवारी माझ्यासमोर दोन कानांचा एक छोटा पेला होता. बाकीच्या दोघी आल्या नव्हत्या, प्राध्यापिका फोन घ्यायला बाहेर गेली होती. ह्यांचं वर्षश्राद्ध जवळ आलेलं, मुलाला सुट्टी मिळत नव्हती, गुरुजी ऑनलाइन करू म्हणत होते. मी मनातल्या मनात दोघांशी वाद घालत होते आणि हात आपले चालू. भानावर आले तर माझा अंगठा पेल्याच्या बुडाशी होता, खसाखसा. पाणी तपकिरी झालेलं. पेला आतून असा चकचकीत, की सासूबाईंनीही नाव ठेवलं नसतं.

"अगं बाई!" मी मोठ्याने म्हटलं. ऐकायला कुणी नव्हतं. घाबरून ते पाणी मी सिंकमध्ये ओतलं, म्हणजे उरलंसुरलं तेही गेलं. आणि पेला ट्रेमध्ये पालथा घातला, घरी निथळायला घालतात तसा.

घरी येऊन मुलाला फोन केला. "आई, रिलॅक्स. इट्स जस्ट अ कप," तो म्हणाला. "कुणाला कळणारेय? उगाच सांगत बसू नकोस यार."

त्याचं बरोबर होतं. कितीतरी पेले आतून कोरे निघत. गप्प बसले असते तर माझा मंगळवार शाबूत राहिला असता. पण ती तो पेला तपासायला पाठवणार, आणि पेल्यात काही नव्हतं असं लिहिणार. कुणीतरी, कदाचित बायकोनेच, भरून ठेवलेला पेला. तिने नवऱ्याला रिकाम्या पेल्यानिशी पाठवलं असं कायमचं लिहून राहणार, आणि ते माझ्यामुळे. छे! मला ते सहनच होईना.

दुसऱ्या दिवशी ड्राइव्ह करत गेले आणि सांगून टाकलं. तिचा चेहरा लाल झाला. "मी सांगितलं होतं ना तुला," एवढंच म्हणाली, पण असं, की मला पहिलीतली पोर झाल्यासारखं वाटलं. मग तिने वही ओढली. "कसं होतं ते? रंग? जाडी? बघितलेली तू एकटीच आहेस."

मी आठवेल ते सांगितलं. तपकिरी, एका बाजूला जाड. पाणी पडलं तेव्हा क्षणभर आंबूस वास आला, मनुका भिजत घातल्यासारखा, पण तो खरा की माझा भास, कोण जाणे. तिने भाससुद्धा लिहून घेतला. मग वही मिटून म्हणाली, की यापुढे मला तुझ्या हातात भांडी देता येणार नाहीत.

मी पर्स उचलली. दारापर्यंत गेले. तीस वर्षं या देशात काढली, पण कुणाकडे काही मागायची वेळ ह्यांनी माझ्यावर येऊ दिली नव्हती. मी वळले.

"मंगळवारी मी नुसती बसायला आले तर चालेल का?"

तिने वही ड्रॉवरमध्ये ठेवली. मला वाटलं, आता नियम सांगेल.

"दहाला ये," ती म्हणाली. "आणि हात खिशात ठेवायचे."

मी मान डोलावली, आणि गाडीत येऊन ढसाढसा रडले.